लेखक-दिग्दर्शकाचा वेळ
स्वतःच लिहून दिग्दर्शन करणाऱ्या स्वतंत्र चित्रकर्त्याची, म्हणजे मोठ्या निर्मितीसंस्थेच्या आश्रयाविना काम करणाऱ्याची, अडचण पैशाइतकीच वेळाची असते. कारण चित्रीकरणाला एखादे वेळी भांडवल मिळते, पण पटकथा कागदावर उतरत असतानाच्या महिन्यांचा खर्च सहसा कोणी उचलत नाही. चैतन्य ताम्हाणे यांची कारकीर्द या दृष्टीने पाहण्याजोगी आहे. दूरचित्रवाणीसाठी लेखन, भारतीय चित्रपटांतील उचलेगिरीवरचा माहितीपट, एक नाटक आणि ‘सिक्स स्ट्रँड्स’ हा लघुपट यांनंतर त्यांनी ‘कोर्ट’ लिहायला घेतला, तेव्हा त्याच नाटकातील अभिनेते विवेक गोम्बर यांनी त्यांना दरमहा ठरावीक रक्कम देऊ केली आणि पुढे चित्रपटाची निर्मितीही केली.

असा मिळालेला वेळ पडद्यावर दिसतो. सफाई कामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा आरोप असलेल्या लोकशाहिराचा खटला तारखांमागून तारखा घेत सरकतो, कॅमेरा बहुधा एका जागी स्थिर राहून दुरून न्यायालय न्याहाळतो, आणि कामकाज संपल्यावर सरकारी वकीलबाईंच्या मागोमाग थेट त्यांच्या स्वयंपाकघरात पोहोचतो. चित्रपटगृहात हा प्रसंग पाहताना प्रस्तुत लेखकाचा त्या बाईंवरचा राग ओसरला नाही, मात्र तो नेमका कोणावर काढावा हे कळेनासे झाले. शाहिराच्या भूमिकेसाठी वीरा साथीदार या आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्त्याची निवड करणे, हाही लेखनाचाच पुढचा टप्पा मानावा लागेल.

२०१४ साली व्हेनिस महोत्सवाच्या ओरिझोंती, म्हणजे नव्या प्रवाहांसाठीच्या, विभागात ‘कोर्ट’ सर्वोत्तम ठरला आणि पुढे त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला, तरी ख्यालगायकाच्या अपुऱ्या राहिलेल्या साधनेवरचा ‘द डिसायपल’ यायला २०२० उजाडले. व्हेनिसमध्ये त्याला पटकथेचे पारितोषिक लाभले. प्रमुख भूमिकेत पुन्हा व्यावसायिक नट नव्हता, तर आदित्य मोडक हे गायक होते.

अर्थात, हा मार्ग कोणालाही चोखाळता येईल असे नाही, कारण दरमहा रक्कम देणारा मित्र योजना आखून मिळत नसतो. ‘द डिसायपल’मधील माई या पात्राला ज्यांचा आवाज लाभला त्या सुमित्रा भावे स्वतःही स्वतंत्रपणे लिहीत आणि सुनील सुकथनकर यांच्यासह दिग्दर्शन करीत, पण त्या आल्या होत्या सामाजिक संशोधनातून, १९८५च्या ‘बाई’ या लघुपटाच्या वाटेने.