उष्ट्या कपबश्यांमागचा माणूस

सीताबर्डीच्या एका हॉटेलात तर्री-पोहे आणि चहा घेत आम्ही साहित्यावर कितीतरी वर्षे वाद घातले. उद्धव शेळके यांच्या 'धग' (१९६०) या कादंबरीने वऱ्हाडी बोलीसह कष्टकऱ्यांचे घर मराठीत आणले, हे तावातावाने मांडताना समोरच्या उष्ट्या कपबश्या उचलणाऱ्या मुलाला मात्र आम्ही 'ए पोऱ्या' म्हणत असू. त्याचे नाव कधी विचारले नाही.

आमच्या वाचनातल्या मराठी कथांतही हॉटेल बहुधा गिऱ्हाइकाच्या खुर्चीवरूनच दिसते. जॉर्ज ऑर्वेल यांनी पॅरिसमधील हॉटेलात भांडी घासण्याचा स्वानुभव १९३३ साली पुस्तकरूपाने मांडला. शंकर यांच्या 'चौरंगी' (१९६२) या बंगाली कादंबरीचा निवेदक हॉटेलातलाच नोकर आहे. तिथे उभे राहिल्यावर गिऱ्हाईकच परके दिसू लागते.

१० ऑक्टोबर २००६ पासून चौदा वर्षांखालील मुलांना हॉटेलांत व चहाच्या टपऱ्यांवर कामाला ठेवण्यास कायद्याने बंदी आली. तो मुलगा त्याआधीच दिसेनासा झाला होता. त्याच्यावर कथा लिहावी असे आज वाटते. पण आमच्यापाशी सहानुभूती आहे, माहिती नाही. तो कुठे झोपे, पगार कोणाला पाठवी, हे ठाऊक नाही. पहिल्या वाक्यात त्याचे नाव हवे, आणि आम्ही तिथेच अडतो.