पायाखालचा सर्प

आमच्या देवळातील निष्कलंक मातेच्या पुतळ्याच्या पायाखाली एक सर्प आहे. हिरवट रंगाचा, जबडा वासलेला. धर्मशिक्षणाच्या वर्गात एदेन बागेची कथा ऐकून बाहेर पडलो की आमची नजर प्रथम त्याच्याकडे जाई. वाडीत साप निघाला म्हणजे काठी घेऊन धावणे हे आम्हांस जवळजवळ धर्मकार्यच वाटे. त्यातच एका पावसाळ्यात शेजारचा तरुण जमिनीवर झोपला असता त्याला मण्यार चावली. दंश त्याला जाणवलादेखील नाही. पहाटे पोटात दुखू लागले, तेव्हा भगताला आणण्यात दोन तास गेले आणि मुलगा हातचा गेला. त्यानंतर आमच्या आळीत कुठलाच साप जिवंत सुटला नाही. केळीच्या बागेत उंदरांमागे फिरणाऱ्या कितीतरी धामणी आम्ही ठेचल्या. मण्यार मात्र त्यांत एकही नव्हती!

पुढे बऱ्याच वर्षांनी एका स्नेह्याकडे रॉम्युलस व्हिटेकर यांचा राजनागावरील माहितीपट पाहण्याचा योग आला. हे गृहस्थ 1943 साली न्यूयॉर्कला जन्मले, बालपणीच भारतात आले आणि इथलेच झाले. मद्रासचे सर्पोद्यान त्यांनी उभारले, 1976 साली मगरींसाठी संवर्धन केंद्र काढले. 1996 साली नॅशनल जिओग्राफिकसाठी केलेल्या या माहितीपटास 1998 साली एमी पुरस्कार मिळाला. 2018 साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली. पण पुरस्कारांचे राहू द्या. त्या चित्रपटाने आम्हांस राजनागाविषयी वाचावयास लावले. ही मादी वेटोळ्यांनी पालापाचोळा ओढून घरटे रचते आणि अंड्यांवर पहारा देते, हे वाचले त्या रात्री आम्हांस आमच्या धामणी आठवल्या.

व्हिटेकरांचे खरे मोठेपण आम्हांस मात्र इरुळांच्या बाबतीत दिसते. तामिळनाडूतील हे आदिवासी पूर्वी कातड्यांसाठी साप धरीत. वन्यजीव कायदा आला, कातड्यांचा व्यापार बंद पडला आणि त्यांची चूल विझण्याची वेळ आली. सापाला वाचवले, पण माणसाचे काय? व्हिटेकरांच्या साहाय्याने 1978 साली इरुळांची सहकारी संस्था निघाली. नाग, मण्यार, घोणस व फुरसे पकडावयाचे, काही आठवडे ठेवून त्यांचे विष काढावयाचे आणि पोटावरील खवल्यास खूण करून पुन्हा रानात सोडावयाचे. खूण अशासाठी, की तोच साप लगेच पुन्हा पकडला जाऊ नये. हे विष अल्प मात्रेत घोड्यास टोचतात आणि त्याच्या रक्तापासून सर्पदंशावरील औषध तयार होते. 2020 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार आपल्या देशात वर्षाकाठी सुमारे 58 हजार माणसे सर्पदंशाने दगावतात. त्यांच्यासाठी तरणोपाय आहे तो सापाच्याच विषातून आलेला. मोशेने रानात उंचावलेल्या पितळी सर्पाची आठवण इथे झाल्यावाचून राहत नाही.

शेजारच्या त्या मुलाच्या आईला हे सारे सांगण्याचे धैर्य आम्हांस कधी झाले नाही. तिच्यापुढे राजनागाच्या मातृत्वाची थोरवी कोणत्या तोंडाने गावी? आम्ही एवढेच केले, की तिच्या नातवंडांसाठी खाटा करवून घेतल्या, मच्छरदाणी गादीखाली खोचावयास शिकवली, आणि साप चावलाच तर भगताकडे न जाता सरळ दवाखाना गाठण्याचे वचन तिच्याकडून घेतले.

गेल्या पावसाळ्यात तिच्या विहिरीपाशी एक लांबलचक धामण निघाली. म्हातारीने आम्हांस हाक मारली. आम्ही गेलो तेव्हा ती काठी टेकून उभी होती. धामण कुंपणातून पलीकडे निघून गेली. म्हातारीने कपाळावर क्रुसाची खूण केली, काठी दारामागे ठेवली आणि आम्हांस चहा विचारला.