भाराभर चिंध्या आणि एक पासोडी

‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ ही म्हण चरित्र-अभिनेत्याच्या, म्हणजे नायकाचा मित्र, भाऊ, शेजारी किंवा कारकून अशा दुय्यम भूमिका वर्षानुवर्षे करणाऱ्या नटाच्या कारकिर्दीला सहज चिकटवता येते, आणि तिचे ते सहज चिकटणेच संशयास्पद वाटते. बीड जिल्ह्यातील माजलगावचे संदीप पाठक यांचा चेहरा मराठी प्रेक्षक ओळखतो. पण ‘रंगा पतंगा’ (2016) हा चित्रपट आठवताना आधी मकरंद अनासपुरे यांचा, बैल हरवलेला जुम्मन डोळ्यांपुढे येतो आणि त्याच्या सोबतीला असलेला पाठक यांचा पोपट मागाहून. अशा भूमिकांची बेरीज केली तर तिला एका माणसाचे काम म्हणावे, की अनेकांच्या कामातले उरलेसुरले तुकडे?

म्हणीने धड वस्त्राला दिलेला मान मात्र याच जिल्ह्यात तपासून पाहता येतो. अंबाजोगाईचे संतकवी दासोपंत (1551–1615) यांनी पासोडीवर, म्हणजे अंगावर घ्यायच्या जाड कापडावर, ओव्या लिहिल्या. सुमारे 40 फूट लांब आणि 4 फूट रुंद असे ते सलग वस्त्र असून त्याचा विषय ‘पंचीकरण’ आहे. पंचीकरण म्हणजे पाच सूक्ष्म महाभूतांच्या मिश्रणातून स्थूल सृष्टी कशी घडते हे सांगणारा वेदान्तातील सिद्धान्त, आणि त्याचा हिशेब असा की कोणत्याही स्थूल भूतात निम्मा अंश त्याचा स्वतःचा असतो, तर उरलेला निम्मा इतर चार भूतांच्या प्रत्येकी अष्टमांशाने भरतो. पृथ्वीदेखील निखळ पृथ्वी नसते. धड म्हणून मिरवणाऱ्या वस्त्रावरच कोणतीही वस्तू निखळ धड नसल्याचा हिशेब मांडलेला असावा, हे म्हणीला अडचणीचे आहे. नटाच्या बाबतीत तर निम्मा अंश स्वतःचा राहतो असे म्हणणेही कदाचित उदारपणाचेच ठरेल.

तरीही या हिशेबाने मूळ शंका मिटत नाही. औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे लक्ष्मण देशपांडे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या एकपात्री प्रयोगात, म्हणजे एकाच नटाने सगळी पात्रे उभी करण्याच्या प्रकारात, मराठवाड्यातील खेड्यापासून विमानापर्यंतची 52 माणसे एकट्याने रंगवीत. 2009 साली त्यांचे निधन झाल्यानंतर काही काळाने हाच प्रयोग पाठक करू लागले. तेथे तुकडे जोडणारा आणि तुकडा होणारा नट एकच असतो, तर चित्रपटात जोडण्याचे काम दिग्दर्शक आणि संकलक यांच्याकडे जाते, व नटाच्या हाती फक्त आपला तुकडा राहतो. मग कारकीर्द धड होण्यासाठी रंगमंचच लागतो असे म्हणावे, तर पोपटावर अन्याय होतो. आणि ‘वऱ्हाड’मधील बावन्न माणसांतही रूढ अर्थाचा नायक असा कोणी नाहीच.