कर्नल सी. के. नायडू

अमरावती



कोट्टारी कनकैया नायडू यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १८९५ रोजी नागपुरात झाला. घराणे मूळचे तेलुगू, पण वकिली आणि जमीनजुमल्यामुळे नागपुरात रुजलेले. वडील सूर्यप्रकाश राव केंब्रिजला शिकून आलेले. १९०३ मध्ये वऱ्हाड मध्यप्रांताला जोडला गेला आणि अमरावती-अकोल्याचा कारभार नागपूरहून चालू लागला, तेव्हा नायडू शाळकरी होते. म्हणजे भारताचा पहिला कसोटी कर्णधार आपल्याच प्रांतातला. तरीही क्रिकेटच्या इतिहासात त्यांचे नाव येते ते इंदूरच्या होळकरांबरोबर.

शाळेच्या संघात ते सातव्या वर्षीच आले असे सांगतात. प्रथम श्रेणीतला पहिला सामना १९१६ चा, मुंबईच्या चौरंगी स्पर्धेतला. हिंदू, पारशी, मुसलमान आणि युरोपियन असे धर्म-जातीवार संघ तिथे उतरत. ही विभागणी वाईटच होती, आणि १९४० मध्ये गांधीजींनीही तिला उघड विरोध केला. पण त्या काळी देशात खेळाडूची खरी पारख होण्याजोगे दुसरे मोठे मैदान नव्हते. युरोपियनांविरुद्ध हिंदूंचे ७ गडी ७९ धावांत बाद झाले असताना नायडू खेळायला आले. पहिले तीन चेंडू त्यांनी नुसते अडवले आणि चौथ्यावर षटकार मारला. पुढची चाळीस वर्षे त्यांच्या फलंदाजीची रीत हीच राहिली. गोलंदाजाला आधी पाहून घ्यायचे, आणि एकदा फटका ठरला की मग हात आखडता घ्यायचा नाही.

नागपुरात राहून ही कारकीर्द फार पुढे जाणारी नव्हती. भोसल्यांचे राज्य १८५४ मध्ये खालसा झाले होते, त्यामुळे खेळाडू पोसणारा दरबार तिथे उरला नव्हता. नायडूंच्या उमेदीच्या वर्षांत स्कॉटलंडच्या खाणपट्ट्यातली मुले फुटबॉलच्या बळावर इंग्लंडच्या व्यावसायिक क्लबांत जात होती. त्यांच्यापैकी ह्यूई गॅलेकर १९२५ मध्ये न्यूकॅसलला गेला आणि १९३० मध्ये चेल्सीने त्याच्यासाठी १०,००० पौंड मोजले. खुद्द खेळाडूला मात्र आठवड्याला ८ पौंडांहून जास्त पगार देता येत नसे, तसा इंग्लंडमध्ये नियमच होता. भारतातल्या क्रिकेटपटूला एवढीही सोय नव्हती. त्याचे पोट चालवायचे तर ते संस्थानिकाने, आणि तेही फौजेतल्या नाहीतर कारभारातल्या एखाद्या हुद्द्यावर नेमून. १९२३ मध्ये तुकोजीराव होळकरांनी नायडूंना इंदूरला बोलावले आणि आपल्या फौजेत अधिकारी केले. ‘कर्नल’ ही उपाधी तिथली. आजच्या काळात अकोल्याचा अथर्व तायडे किंवा अमरावतीचा जितेश शर्मा विदर्भाच्या संघातून पुढे आला. १९२३ मध्ये विदर्भाचा संघ नव्हता आणि रणजी करंडकही नव्हता. तो १९३४ मध्ये सुरू झाला. नायडूंनी नागपूर सोडले त्याबद्दल त्यांना बोल लावणे अन्यायाचे आहे.

१९२६ च्या हिवाळ्यात आर्थर गिलिगन यांच्या नेतृत्वाखाली इंग्लंडहून एमसीसीचा संघ भारतात आला. मुंबईच्या जिमखाना मैदानावर हिंदूंविरुद्धच्या सामन्यात गाय अर्ल यांनी ८ षटकार ठोकून १३० धावा काढल्या. त्याला उत्तर मिळाले १ डिसेंबरला. नायडूंनी दोन तासांच्या आतच १५३ धावा केल्या आणि त्यांत ११ षटकार होते. बॉब वायट यांच्या गोलंदाजीवर मारलेला एक चेंडू जिमखान्याच्या छपरावर जाऊन पडला. या खेळीबद्दल पाहुण्यांनीच त्यांना चांदीची बॅट दिली. त्याच महिन्यात दि. ब. देवधरांनी त्याच संघाविरुद्ध १४८ धावा केल्या. भारतीयांना कसोटी खेळू द्यावी या मागणीला या दोन खेळींनी जे बळ दिले, ते कितीही अर्जविनंत्यांनी आले नसते. डिसेंबर १९२८ मध्ये क्रिकेट नियामक मंडळ स्थापन झाले.

१९३२ च्या इंग्लंड दौऱ्यासाठी कर्णधार नेमले गेले पोरबंदरचे महाराज आणि उपकर्णधार लिंबडीचे राजपुत्र घनश्यामसिंहजी. कर्णधार राजघराण्यातलाच हवा, हा तेव्हाचा अलिखित नियम होता. पोरबंदरच्या महाराजांचे मोठेपण हे की, आपण त्या दर्जाचे खेळाडू नाही हे ओळखून ते स्वतः बाजूला झाले. लिंबडी जायबंदी होते. अशा रीतीने २५ जून १९३२ रोजी लॉर्ड्सवर भारताच्या पहिल्या कसोटीचे नेतृत्व नायडूंकडे आले. संघातल्या काहींना ते रुचले नव्हते. सामना सुरू झाला आणि महंमद निसार यांच्या माऱ्यापुढे इंग्लंडची ३ बाद १९ अशी अवस्था झाली. अखेर भारत १५८ धावांनी हरला, पण पहिल्या डावातल्या भारताच्या १८९ मध्ये सर्वाधिक ४० नायडूंच्या होत्या, आणि त्याही क्षेत्ररक्षणात दुखावलेल्या हाताने काढलेल्या.

दौऱ्यात प्रथम श्रेणीच्या सामन्यांत त्यांनी १,६१८ धावा केल्या आणि ६५ बळी घेतले. मे महिन्यात लॉर्ड्सवरच एमसीसीविरुद्ध नाबाद ११८, पुढे बर्मिंगहॅमला वॉरिकशायरविरुद्ध १६२. तिथे मारलेला एक षटकार नदीपलीकडे शेजारच्या परगण्यात पडला, ही गोष्ट आजही सांगितली जाते. विस्डेन वार्षिकाने १९३३ च्या अंकात वर्षातल्या पाच सर्वोत्तम खेळाडूंत त्यांची निवड केली. तेव्हा ते ३७ वर्षांचे होते. बहुतेकांची कारकीर्द या वयात आटोपते, यांना कसोटीचे दार तेव्हा कुठे उघडले होते.

१९३३-३४ मध्ये डग्लस जार्डिन यांचा संघ भारतात आला, तेव्हाही कर्णधार नायडूच होते. मुंबईच्या कसोटीत लाला अमरनाथांनी भारताचे पहिले कसोटी शतक झळकावले आणि नायडूंनी ६७ धावा काढत त्यांच्याबरोबर १८६ धावांची भागीदारी केली. मालिका २-० अशी गेली. १९३६ मध्ये दरबारी राजकारण पुन्हा वरचढ झाले आणि कर्णधारपद विजयनगरमच्या महाराजकुमारांकडे गेले. हा निर्णय क्रिकेटच्या कोणत्याही मोजपट्टीवर टिकणारा नव्हता. संघात तट पडले, अमरनाथांना दौरा अर्धवट असताना घरी पाठवले गेले. या सगळ्यात चाळिशी ओलांडलेले नायडू खेळत राहिले. ओव्हलच्या शेवटच्या कसोटीत गबी ॲलन यांचा चेंडू त्यांच्या छातीखाली जोरात लागला. ते मैदान सोडून गेले नाहीत, ८१ धावा करून मगच परतले. त्यांची कसोटीतली ती सर्वोच्च खेळी आणि तीच शेवटची कसोटी. 

सात कसोटी, ३५० धावा, २५ ची सरासरी. एवढ्यावरून हा माणूस कळत नाही. त्यांची ऐन उमेदीची वर्षे भारताला कसोटीचा दर्जा मिळण्याआधीच सरली, आणि उरलेल्यांतली काही महायुद्धाने खाल्ली. प्रथम श्रेणीत मात्र ११,८२५ धावा आणि ४११ बळी आहेत. त्यांची लोकप्रियता एवढी की १९४१ मध्ये बाथगेट कंपनीने यकृताच्या टॉनिकच्या जाहिरातीसाठी त्यांना घेतले. भारतीय क्रिकेटपटूने केलेली ती पहिली जाहिरात मानतात.

होळकर संघाचे कर्णधार म्हणून नऊ वर्षांत त्यांनी आठ वेळा रणजी करंडकाची अंतिम फेरी गाठली आणि चार वेळा करंडक जिंकला. मुश्ताक अली, चंदू सरवटे, भाऊसाहेब निंबाळकर आणि नायडूंचे धाकटे बंधू सी. एस. हे त्या संघाचे आधार. नायडूंची शिस्त फौजी होती. पायाला चेंडू लागला तरी चोळायचा नाही, असा दंडक ते इतरांना घालत आणि आधी स्वतः पाळत. १९४५-४६ मध्ये बडोद्याविरुद्ध त्यांनी आपले एकमेव द्विशतक केले, वयाच्या पन्नाशीत. पुढे मुंबईविरुद्धच्या एका सामन्यात दत्तू फडकरांचा चेंडू तोंडावर बसून दात पडले, तेव्हा ते दात बाजूला सारून नायडू पुन्हा उभे राहिले आणि वेग कमी करू नकोस असे त्यांनी फडकरांना बजावले.

१९५६ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. हा मान मिळालेले ते पहिले क्रिकेटपटू. १९५६-५७ च्या मोसमात उत्तर प्रदेशाकडून ते शेवटचे रणजी सामने खेळले. साठी उलटली असतानाही राजस्थानविरुद्ध त्यांनी ८४ धावा केल्या आणि विनू मांकडांना षटकार मारले. प्रथम श्रेणीतला अखेरचा सामना १९६३-६४ मध्ये नागपुरात झाला, महाराष्ट्राच्या राज्यपालांचा संघ विरुद्ध मुख्यमंत्र्यांचा संघ असा. १४ नोव्हेंबर १९६७ रोजी इंदुरात त्यांचे निधन झाले. तरुण खेळाडूंची आंतरराज्य स्पर्धा त्यांच्या नावाने खेळली जाते आणि नियामक मंडळाचा जीवनगौरव पुरस्कारही त्यांच्याच नावाने दिला जातो.

तुझा,
मामा