सूर्यास्ताच्या आत चिचेन इत्सा



डिसेंबरच्या सुट्टीत आम्ही डॅलसहून मेक्सिकोतल्या कॅन्कूनला गेलो होतो. हे, मी, दहा वर्षांची लेक आणि सहा महिन्यांसाठी सांगलीहून आलेल्या सासूबाई. त्यांच्या पासपोर्टवर अमेरिकेचा व्हिसा असल्यामुळे मेक्सिकोचा वेगळा काढावा लागला नाही. समुद्र, वाळू, फोटो हे सगळं सगळ्यांचं होतं तसंच आमचंही झालं, त्याबद्दल लिहीत नाही. लिहायचंय ते एका दिवसाच्या सहलीबद्दल. आणि खरं तर ती सहल निवडण्यात आमच्या ज्या तीन संध्याकाळी गेल्या, त्यांच्याबद्दल.

तिकडे जाणारा प्रत्येक जण एक दिवस दोन गोष्टींसाठी ठेवतो. एक म्हणजे माया लोकांची जुनी शहरं आणि दुसरी सेनोते. युकातानची सगळी जमीन चुनखडीची. पावसाचं पाणी वर न थांबता खाली झिरपतं, त्यामुळे तिथे जमिनीवरून वाहणारी नदी जवळजवळ नाहीच. पाणी पोटातून, गुहांमधून वाहतं, आणि एखाद्या गुहेचं छत कोसळलं की खाली निळंशार पाणी उघडं पडतं. तेच सेनोते. मोठ्या तोंडाच्या आडासारखं, पण माणसाच्या हातानं न खणलेलं. लोक त्यात पोहतात.

हॉटेलात या सहलींची पत्रकं रचून ठेवलेली होती. ह्यांनी सगळ्यात स्वस्त सहल काढली: मोठी बस, चिचेन इत्सा, सेनोते, वायादोलिद गाव आणि वर जेवण. लेकीला चिचेन इत्साच हवं होतं, कारण शाळेत तिनं त्या पिरॅमिडचा प्रकल्प केला होता. मला मनातून तुलुम बरं वाटत होतं. समुद्राकाठच्या कड्यावरचं, तटबंदी असलेलं छोटंसं शहर. अंतर एकशेतीस किलोमीटरच्या आसपास, चिचेन इत्सा दोनशे. त्याच्याबरोबर कोबा जोडून देतात. तिथे जंगलातून सायकलनं फिरायचं आणि ४२ मीटर उंच नोहोच मूल बघायचा. चांगलंच आहे, पण सत्तरीच्या बाईनं सायकलवर कुठं बसायचं? तीन चाकी सायकलरिक्षा मिळते म्हणे. त्यावर सासूबाई हसल्या आणि म्हणाल्या, "तुम्ही जावा गं. मी खोलीवर बसते, माळ ओढते. माझ्यापायी तुमची तारांबळ नको."

हे वाक्य आपल्यापैकी कितीजणींनी ऐकलंय! लग्नात, सहलीत, बारशाला. रात्रीभोजनत्याग केलेली बाई हळूच बाजूला होते, आणि बाकीचे "आईंना दगदग नको" म्हणून सुटतात. दोन्हीकडून प्रेमच असतं, तरी नियम पाळणारं माणूस खोलीतच राहतं. लेक पटकन म्हणाली, "आज्जी, एका दिवसानं काय होतंय?" तिला काही उत्तर न देता सासूबाई चष्मा पुसत बसल्या. मला मात्र ते लागलं. मी ठरवलं, सहल अशी शोधायची की त्यात आईंना बाजूला व्हावंच लागणार नाही. मग ती कुठलीही असो.

पहिली अडचण घड्याळाची. सासूबाई सूर्योदयानंतर दोन घटका, म्हणजे ४८ मिनिटं, काही घेत नाहीत आणि सूर्यास्ताआधी दोन घटका त्यांचं जेवण आटपलेलं असतं. डिसेंबरअखेर कॅन्कूनला सूर्य साधारण सात वीसला उगवतो आणि सव्वासहाच्या सुमारास मावळतो. म्हणजे खाणं सव्वाआठ ते पाच पंचवीस या वेळातच. आता बसच्या सहली बघा. सकाळी हॉटेलाहॉटेलांतून माणसं गोळा करण्यात तास-दीड तास जातो. मग वाटेत एका हस्तकलेच्या दुकानात थांबा, तो कुणी मागितलेला नसतो. ऐन उन्हात पिरॅमिड, दुपारी उशिरा जेवण, मग सेनोते, मग गाव, आणि परत यायला सात-आठ. पत्रकातल्या किमतीत पिरॅमिडचं प्रवेशशुल्क बहुतेकदा धरलेलं नसतं, ते बसमध्ये बसल्यावर मागतात. स्वस्त सहल त्या क्षणी स्वस्त राहत नाही, हे मी ह्यांना दोनदा वाचून दाखवलं.

मग एक गंमत लक्षात आली. कॅन्कून ज्या राज्यात आहे त्या किंताना रूचं घड्याळ २०१५ पासून एक तास पुढे आहे. चिचेन इत्सा शेजारच्या युकातान राज्यात येतं आणि तिथलं घड्याळ एक तास मागे. राज्याची हद्द ओलांडली की एक तास हातात येतो. चिचेन इत्साचं दार सकाळी आठला उघडतं, पण तिथल्या आठला. म्हणजे कॅन्कूनचे नऊ. सव्वासहाला निघालं तर अडीच तासांत पोहोचून दार उघडायच्या आधीच रांगेत उभं राहता येतं. बस येईपर्यंत आपलं बघून झालेलं असतं. परतीला हाच तास उलटा फिरतो आणि अंगावर येतो, म्हणून वायादोलिद गाव सोडायचं, दुकान सोडायचं, जेवण सोडायचं. आणि तिथून दुपारी एकला निघायचंच. मी कागदावर दोन रकाने आखले, एकात तिथली वेळ, एकात इथली. हे बघून म्हणाले, तू रेल्वेत असायला पाहिजे होतीस.

अशी सहल पत्रकात नव्हती. स्वतंत्र व्हॅन आणि आमच्या चौघांपुरता गाइड, असं सांगून ठरवावी लागली. बसपेक्षा पैसे जास्त पडले. पण ठरवण्याआधी मी फोनवर चार गोष्टी विचारून घेतल्या: गाइडकडे सरकारी परवाना आहे का, कुठल्या दुकानात थांबणार नाही ना, सेनोतेला पायऱ्या आहेत की शिडी, आणि न उतरणाऱ्याला वरून बघता येतं का. शेवटचा प्रश्न ऐकून पलीकडचा माणूस जरा थांबला. बहुतेक सगळे किती वेळ पोहता येईल तेच विचारत असणार.

जेवणाचं सांगते, कारण तुम्ही ते विचारणारच. तिकडे "शाकाहारी" या शब्दावर विसंबू नका. मांस नको म्हटलं तर कोंबडी चालेल असं समजणारे भेटतात. फ्रिहोलेस म्हणजे घोटलेले घेवडे, दिसायला अगदी आपले, पण त्यात डुकराची चरबी घालायची रीत आहे. तिला ते मान्तेका म्हणतात, हा शब्द पाठ करून ठेवा. भात कोंबडीच्या पाण्यात शिजवलेला असू शकतो. ग्वाकामोलेत कांदा असतोच. मैद्याच्या तोर्तियातही मान्तेका निघते. मक्याची तोर्तिया मात्र साधी असते: मका, पाणी आणि चुना. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, धुऊन दळतात. आमच्या खोलीला छोटं स्वयंपाकघर होतं. आदल्या दिवशी दुपारी, उजेडातच, तिखटमिठाच्या पुऱ्या केल्या, बिनलसणाचं भडंग आणि शेंगाची चटणी डॅलसहून नेलीच होती. केळी घेतली. पाणी गाळून, उकळून स्टीलच्या बाटल्यांत भरलं. मग सासूबाई म्हणाल्या, "एवढं केलंसच तर येते बाई."

अंधारात निघालो. सव्वाआठला व्हॅन एका पेट्रोलपंपावर थांबवली, तेव्हा आईंनी पहिला घोट घेतला. गाइड त्याच वेळी घड्याळ बघत होता, त्याला आदल्या दिवशी सांगितलं होतं. तो माया घरातला होता आणि उपवासाबिपवासाचं त्याला काही नवल वाटलं नाही.

पिरॅमिडबद्दल थोडक्यात. कुकुल्कानचं मंदिर, उंची ३० मीटरच्या आसपास. चारी बाजूंना ९१ पायऱ्या, म्हणजे ३६४, आणि वरचा चौथरा धरून ३६५. वर चढू देत नाहीत, त्यामुळे गुडघेदुखीवाल्यांना कुणी मागे ठेवून जात नाही, हे मला फार आवडलं. समोर उभं राहून टाळी वाजवली की पायऱ्यांवरून पाखराच्या चिवचिवाटासारखा आवाज परत येतो. लेकीनं इतक्या टाळ्या वाजवल्या की आजी म्हणाली, आरती संपली गं आता. कवट्या कोरलेला एक लांबलचक ओटा आहे, तिथून मात्र आई मान वळवून पुढे गेल्या.

त्यापुढे तो जुना पांढरा रस्ता पवित्र सेनोतेकडे जातो. चिचेन इत्सा या नावाचा अर्थच इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी वसलेलं गाव. पिण्याचं पाणी श्तोलोक नावाच्या दुसऱ्या सेनोतेतून यायचं. हे मोठं सेनोते देवाचं. पावसाच्या देवाला त्यात सोनं, जेड, धूप आणि माणसं अर्पण करत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन माणसानं ते उपसलं. बऱ्याच वस्तू हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात गेल्या, काही नंतर मेक्सिकोला परत मिळाल्या. फक्त कुमारिकांना पाण्यात टाकत अशी गोष्ट पुष्कळांनी ऐकलेली असते. आमच्या गाइडनं ती खोडून काढली. हाडं पुरुषांची, बायकांची, मुलांचीही सापडली आहेत. चांगला गाइड हवा तो यासाठी, नाहीतर असल्या जागी मीठमसाला लावलेली भयकथा ऐकून माणूस परत येतो.

लेक गप्प झाली होती. "मुलं पण?" तिनं विचारलं. गाइड म्हणाला, हो. पाऊस नसेल तर सगळंच मरणार होतं, म्हणून ते सगळ्यात मोलाचं द्यायचे. मला वाटलं आता आई काहीतरी कडक बोलणार. पण त्यांनी चप्पल काढली, कठड्यापाशी हात जोडले आणि णमोकार म्हटला. पुटपुटत नाही, नेहमीच्या आवाजात. लेक शेजारी जाऊन उभी राहिली. ते हिरवं गढूळ पाणी बघायला सहलीनं यावं का, हा प्रश्न मला आधीपासून पडला होता आणि अजून पुरता सुटलेला नाही. पण आई खोलीवर राहिल्या असत्या तर त्या जागी आमच्यातलं कुणी हात जोडले नसते, हे नक्की.

पोहण्याचं सेनोते जवळच, इक किल नावाचं. कडेला उभं राहिलं की २६ मीटर खाली गोल पाणी, आणि वरच्या झाडांची मुळं दोरासारखी लोंबत पाण्यापर्यंत आलेली. खाली जायला दगडी पायऱ्या आहेत, ओल्या. मैत्रिणींनो, कपड्यांची काळजी करू नका. जुनी लेगिंग आणि लांब बाह्यांचा टी-शर्ट चालतो, वरून जीवरक्षक जॅकेट येतंच. कपडे बदलायला खोल्या आहेत.

पाण्यात उतरायचं की नाही, हे प्रत्येकीनं आपापलं ठरवलं. आपल्याकडे गाळल्याशिवाय पाणी वापरायचं नाही, आणि गंमत म्हणून पाण्यात डुंबणं अनर्थदंडात मोडतं, हे मला लहानपणापासून शिकवलेलं. मी उतरले नाही. लेकीनं आजीकडे बघितलं. आई म्हणाल्या, "माझा नियम माझा आहे. तू अजून घेतलेला नाहीस. घेशील तेव्हा पाळ." लेक बापाबरोबर खाली गेली. पाण्यात जाण्याआधी सगळ्यांना शॉवर घ्यायला लावतात आणि अंगावर कसलंही क्रीम चालत नाही, कारण पाणी नासतं आणि त्यातले मासे जगत नाहीत. हे मी सांगितल्यावर आईंना फारच बरं वाटलं. त्यांच्या माहेरी आडातून पाणी काढलं की फडक्यातून गाळायचं, आणि त्या फडक्यातले जीव कळशीभर पाण्यानं परत त्याच आडात सोडायचे, वरून न ओतता, कळशी खालपर्यंत नेऊन. तो आड आता बुजलाय. कठड्यावर बसून त्या हे सगळं मला सांगत होत्या. पंचवीस वर्षांत हे मी त्यांच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं.

झाडाखाली पुऱ्या खाल्ल्या आणि तिथल्या एकला निघालो. हातातला तास परत गेला. साडेचारला खोलीवर. कोपऱ्यावरच्या तोर्तियाच्या दुकानातून मक्याच्या गरम तोर्तिया आणल्या, आवाकादोवर लिंबू-मीठ, शेंगाची चटणी. पाच वाजून दहा मिनिटांनी आईंनी पाणी पिऊन ताट बाजूला केलं, बाहेर अजून लख्ख ऊन होतं.

"ह्यात चुना असतोय म्हणालीस न्हवं?" त्या म्हणाल्या. "उद्या दोन जास्त आण."