संशयाचा फायदा

खुनाच्या खटल्यातला आरोपी सुटला, की जळगाव-धुळ्याच्या एसटी स्टँडवर कुणीतरी म्हणतंच, "सुटी गया ना भो तो!" पेपरात 'संशयाचा फायदा देऊन निर्दोष मुक्तता' असं छापलेलं असतं आणि वाचणाऱ्याला त्यात वकिलाची चलाखी तेवढी दिसते.

हा संशय किती कष्टानं उभा राहतो, ते बासू चटर्जींच्या १९८६ सालच्या 'एक रुका हुआ फैसला' या टेलिफिल्ममध्ये पाहावं. मूळ कथा रेजिनाल्ड रोझ यांची. २० सप्टेंबर १९५४ला अमेरिकेच्या सीबीएसवर ती थेट प्रक्षेपित झाली होती. एक बंद खोली, बारा ज्युरर आणि बापाच्या खुनाचा आरोप असलेला पोरगा. अकरा जण 'दोषी' म्हणून मोकळे होतात. के. के. रैनांचा आठवा ज्युरर म्हणतो, आधी बोलू तर या. मग तो खिशातून चाकू काढतो, हुबेहूब पुराव्यातल्यासारखा. असा दुसरा चाकू मिळणारच नाही, हा इतरांचा भरवसा तिथंच ढासळतो. पुढे म्हातारा साक्षीदार लंगडत दारापर्यंत किती वेळात पोचला असेल, तेही खोलीतच चालून, घड्याळ लावून पाहिलं जातं. पंकज कपूरचा तिसरा ज्युरर शेवटपर्यंत अडून बसतो. त्याचा खरा राग स्वतःच्या मुलावर असतो.

ही फिल्म आली, तोवर आपल्याकडची ज्युरी गेलेली होती. नानावटी यांच्यावरच्या खुनाच्या खटल्यात ज्युरीनं त्यांना ८ विरुद्ध १ मतांनी निर्दोष ठरवलं. उच्च न्यायालयानं जन्मठेप दिली, ती सर्वोच्च न्यायालयानं १९६१मध्ये कायम केली. १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ज्युरीला जागाच उरली नाही.

आता ज्युरी घरोघरी टीव्हीसमोर बसते. २६/११ खटल्याचे सरकारी वकील उज्ज्वल निकम जळगावचेच. त्यातला आरोपी कसाबनं बिर्याणी मागितल्याची गोष्ट आपण रचली होती, त्याच्याविषयी तयार होणारी सहानुभूती थोपवण्यासाठी, असं त्यांनीच २०१५मध्ये सांगितलं. पुरावा इतका भक्कम असताना त्या गोष्टीची काहीच गरज नव्हती. खटला पुराव्यावरच उभा राहिला आणि टिकला.

सत्र न्यायालयातली सुनावणी एरवी सगळ्यांना खुली असते. तारखेला जाणाऱ्या कुणासोबत एक दिवस जा, मागच्या बाकावर बसा आणि एक उलटतपासणी पुरती ऐका: उजेड किती होता, साक्षीदार किती हातांवर उभा होता, पंचनाम्यावर सही कुणी केली.