आढ्यापासून पागोळीपर्यंत

काही व्यवसायांना समाजाने नावे दिली आहेत, आणि ज्यांना ती मिळाली त्यांचे निम्मे आयुष्य सुखाचे जाते. डॉक्टर, वकील, मास्तर, तलाठी. एक शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याचे समाधान होते. माझ्या भाच्याच्या व्यवसायाला असे नाव नाही. माझ्या थोरल्या भावाचा हा धाकटा मुलगा. पुण्याला राहून भूगर्भशास्त्र शिकला आणि गेली अकरा वर्षे पुरंदर तालुक्याच्या दुष्काळी गावांतून पाणलोटाचे काम करतो. त्याच्या लग्नाची बोलणी चालली होती तेव्हा हे वाक्य मी निदान वीस घरी म्हटले असेन. लोक मान डोलवीत आणि जरा थांबून विचारीत, ‘‘पण म्हणजे करतात काय ते?’’ एका मातोश्रींची समजूत झाली की मुलाचे पाण्याचे टँकर आहेत. त्यांचा चेहरा एकदम उजळला, कारण आमच्याकडे त्या धंद्यात पैसा आहे. मी खरे काय ते सांगितले, तसा तो पुन्हा मावळला.

गावातले लोक त्याला ‘चरवाले साहेब’ म्हणतात. साहेबाच्या पायांत झिजलेल्या चपला असतात आणि खिशात पेनाऐवजी मोजायची फीत असते.

‘पाणलोट’ हा शब्द मला मात्र फार आवडतो. ज्याने कौलारू घरात पावसाळा काढला आहे त्याला तो समजावून सांगावा लागत नाही. आढ्यावर पडलेला थेंब पुढच्या अंगणात जायचा की मागच्या परसात, हे आढे ठरवते. आणि पागोळीखाली घागर ठेवली की त्या बाजूच्या छपराचे पाणी तिच्यात येते. डोंगराचा माथा म्हणजे आढे, खालचा ओढा म्हणजे पागोळी, आणि मधला सगळा उतार म्हणजे त्या ओढ्याचे पाणलोट क्षेत्र. फरक इतकाच की छपरावरचे पाणी झटकन उतरून जावे असे आपल्याला वाटते, आणि डोंगरावरचे जितक्या उशिरा उतरेल तितके बरे. पळत्या पाण्याला चालायला लावा, चालत्याला थांबायला लावा आणि थांबलेल्याला मुरायला लावा, असे ही मंडळी येताजाता घोकत असतात. म्हणून त्यांचे काम माथ्यापासून सुरू होते आणि पायथ्याशी संपते. कोणी उतावीळपणे खालचा बंधारा आधी बांधला, तर वरून धुपून आलेली माती दोनचार पावसाळ्यांत तो भरून टाकते, आणि मग पाण्याच्या जागी गाळ पाहत बसावे लागते.

एका मे महिन्यात मी त्याच्याबरोबर माळावर हिंडले. त्यांचे मुख्य हत्यार पाहून मला हसूच आले. इंग्रजी ए अक्षरासारख्या बांधलेल्या तीन काठ्या, आणि शेंड्यापासून दोरीने लोंबता सोडलेला एक दगड. चौकटीचे दोन पाय जमिनीवर टेकवायचे. दोरी आडव्या काठीवरच्या खुणेवर आली की दोन्ही पाय एका पातळीत आहेत असे समजायचे. मग एक पाय तसाच ठेवून दुसरा पुढे फिरवायचा, पुन्हा दोरी पाहायची, आणि मागून फक्की टाकत जायचे. तासाभरात डोंगराच्या अंगावर एक पांढरी रेघ उमटली. ती सरळ नव्हती. डोंगर वळला तशी वळत, खोबणीत शिरत, पुन्हा बाहेर येत गेली होती. पण तिच्यावरचा प्रत्येक ठिपका एकाच उंचीवर होता. या रेघेवर चर खणायचा आणि निघालेली माती खालच्या अंगाला रचायची. वरून धावत आलेले पाणी चरात उतरते आणि रेघ सपाट असल्यामुळे डावीउजवीकडे पळायला त्याला वाट सापडत नाही.

नव्या गावात गेला की हा मुलगा आधी विहिरीत डोकावतो, मग देवळात जातो. महाराष्ट्राच्या पाच हिश्श्यांपैकी चार हिस्से काळ्या पाषाणावर वसलेले आहेत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थरावर थर पसरले आणि थिजले, त्यांचा हा पाषाण. तो अंगी पाणी धरत नाही. पाणी असते ते वरच्या कुजलेल्या मुरमात, पाषाणाच्या भेगांत आणि थराथरांच्या सांध्यांत. विहिरीच्या उघड्या भिंतीवर हे सगळे पुस्तकासारखे वाचता येते: वर वीतदीड वीत माती, तिच्याखाली मुरूम, मग पाषाण, आणि एखाद्या ठिकाणी दोन थरांच्या मध्ये तांबडी गेरूची पट्टी. ‘‘आत्या, आपल्या गावाखाली समुद्र नाही गं,’’ तो मला म्हणाला, ‘‘नुसती फुटकी मडकी आहेत. जेवढं ओतू तेवढंच मिळणार.’’

ओतायला मात्र पुष्कळ असते, ही त्याने मला दाखवलेली दुसरी गोष्ट. एका हेक्टरावर एक मिलिमीटर पाऊस पडला की ते दहा हजार लिटर पाणी होते. हजार हेक्टरांच्या गावात वर्षाला अवघा ४०० मिलिमीटर पाऊस झाला तरी ते ४०० कोटी लिटर झाले. मी जन्मभर शाळेत गणित शिकवले, पण आमच्या दुष्काळी गावाची ही श्रीमंती कधी मांडून पाहिली नव्हती. यातले बरेचसे उन्हाने उडून जाते, बरेचसे ओढ्यानाल्यांनी निघून जाते. मुरणारा वाटा थोडा. आणि तो थोडासा वाढावा म्हणून ही माणसे आयुष्य घालवतात.

आमच्या तालुक्याला पाण्याचे वेड नवे नाही. आचार्य अत्रे इथल्याच कोडीत गावी १८९८ साली जन्मले आणि आपल्या आत्मचरित्राला त्यांनी ‘कऱ्हेचे पाणी’ हे नाव दिले. त्या नदीच्या पात्रातून उन्हाळ्यात कोरड्या पायांनी पलीकडे गेलेल्यांना त्या नावातली माया अधिक कळेल. त्याआधी १८८३ साली जोतीराव फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये सरकारला सुचवले होते की पलटणीतल्या आणि पोलिसांतल्या रिकाम्या हातांकडून ठिकठिकाणी ताली-बंधारे घालून घ्यावेत, म्हणजे पावसाचे पाणी शेतांत मुरेल आणि मातीही वाहून जाणार नाही.

मग १९७२ चा दुष्काळ आला. रस्त्याच्या कडेला खडी फोडत बसलेली हजारो माणसे मीही लहानपणी पाहिली आहेत. विलासराव साळुंखे नावाच्या पुण्याच्या एका कारखानदार इंजिनियरने ती पाहिली आणि त्यांच्या मनात आले की हेच हात पाणी आणि माती अडवायला लागले तर पुढच्या दुष्काळात खडी फोडावी लागणार नाही. १९७४ साली त्यांनी पुरंदरमधल्या नायगावी देवस्थानची ४० एकर उजाड जमीन भाडेपट्ट्याने घेतली. तिथे बांध घातले, पाझर तलाव केला, खाली विहीर खणली, आणि जिथे कुसळे उगवत तिथे धान्य पिकवून दाखवले. पण साळुंखे खरे मोठे झाले ते पुढच्या पायरीवर. पाणी अडवल्यावर ते कोणाचे, हा प्रश्न त्यांनी विचारला. त्यातून पाणी पंचायत निघाली. पाण्याचा हक्क जमिनीवर नाही, माणसांच्या डोक्यांवर. माणशी अर्धा एकर भिजेल इतके पाणी आणि एका कुटुंबाला अडीच एकरांच्या वर नाही. भूमिहीनालाही वाटा. जमीन विकली तरी पाणी तिच्याबरोबर विकले जाणार नाही. आणि ऊस लावायचा नाही. साळुंखे २००२ साली गेले. त्यांचे नियम ऐकायला साधे वाटतात, पण ते पाळायला काय लागते ते मी घरात पाहिले आहे.

ते सांगण्याआधी भाच्याबरोबर काम करणाऱ्या एका मुलीबद्दल सांगितले पाहिजे. ती गवताची जाणकार. इतर लोक माळाकडे पाहून ‘ओसाड’ म्हणतात, तेव्हा तिला आपल्याच घराला कोणी ओसाड म्हटल्यासारखा राग येतो. पावसाळ्यात हौसेने रोपे लावायला शहरातून पाहुणे येतात; त्यांना ती हात जोडून सांगते की झाडे ओढ्याकाठी लावा, बांधावर लावा, पण या माळावर खड्डे खणू नका. हा उजाडलेला डोंगर नव्हे, हे गवताळ रानच आहे. पवन्या, मारवेल, कुसळी यांच्या मुळांची जाळी माती धरून ठेवते, आणि त्या गवतात चंडोल घरटी करतात, लांडगा पिले वाढवतो, चिंकारा चरतो. शेजारच्या बारामती तालुक्यात सुप्याला १९९७ साली मयूरेश्वर अभयारण्य झाले ते या चिंकारांसाठीच. जखम कोणती आणि धडधाकट अंग कोणते हे वैद्याला आधी कळले पाहिजे, असे ती म्हणते. तिचे आणि भाच्याचे चरांवरून पुष्कळ भांडण होई. चर खणताना चांगले गवत मोडते म्हणून. शेवटी धुपलेल्या उतारावर चर आणि चांगल्या गवताला नुसती राखण, असा तह झाला. लग्नाची बोलणी मी त्यानंतर बंद केली. वीस घरे हिंडून जी मिळाली नाही ती सून आम्हाला माळावर मिळाली.

तर आमच्या घरातली गोष्ट. तीन वर्षे चर आणि बांध झाल्यावर चौथ्या वर्षी गावच्या विहिरींना एप्रिलपर्यंत पाणी राहिले. आनंद झाला, पेढे वाटले गेले. आणि त्याच उन्हाळ्यात बोअर घेणारी गाडी गावात शिरली. एकाने घेतले, दुसऱ्याने घेतले. वरच्या भेगांतून झिरपलेले पाणी तीनशे-चारशे फुटांवरून उपसले की शेजारच्या विहिरीचा तळ दिसतो. तरीही जो तो म्हणतो, मी नाही घेतले तर दुसरा घेईल. माझ्या भावाने, दादाने, गाडीवाल्याला विसार दिला. त्याला दोन एकर ऊस लावायचा होता.

ग्रामसभा देवळासमोर भरली. सिंचनासाठी नवे बोअर नको आणि ऊस नको, असा ठराव मांडायचा होता, आणि मांडणारा दादाचाच मुलगा. नगर जिल्ह्यातल्या हिवरे बाजारने हे केले आहे, त्याने सांगितले. तिथे दर वर्षी पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद मांडतात आणि मग पिके ठरवतात. ऊस-केळी नाही, शेतीसाठी बोअर नाही. सभा गप्प होती. दादा उठून म्हणाला, ‘‘माझी जमीन, माझा पैसा. पोरगं घरी बापाला शिकवतं ते कमी होतं, आता चावडीवर शिकवायला लागलं.’’ लोक हसले. माझा भाचा खाली पाहत उभा राहिला.

तेवढ्यात मागच्या बायकांतून आवाज आला. चरांच्या कामावर तीन वर्षे राबलेली एक बाई होती ती. गुंठाभर जमीन नाही, चार शेळ्या. माळ राखायचा म्हणून चराईबंदी झाली तेव्हा त्यांतल्या दोन विकाव्या लागलेल्या. ती उभी राहिली नाही, बसूनच बोलली: ‘‘चर आम्ही खणलं. आमच्या हाताला फोड आलं अन् तुमच्या हिरीला पाणी आलं. आता तेबी उसाला घालणार व्हय, दादा?’’

दादाने उत्तर दिले नाही. सभा तशीच उठली. ठराव झाला तो पुढच्या खेपेला, आणि त्यावर दादाची सही नाही. बापलेक पंधरा दिवस बोलत नव्हते. वहिनी मधे बसून दोघांना वाढायची. पण विसाराचे पैसे दादाने परत आणले आणि देव्हाऱ्यातल्या पेटीखाली ठेवले. बोअर घेणार नाही, असे तो आजतागायत म्हणालेला नाही. त्या शेतात दोन वर्षे वाटाणा आहे.

तेव्हापासून मला वाटू लागले आहे की दगड बांधलेल्या त्या तीन काठ्यांनी जमिनीवरची पातळी सापडते, आणि ती सापडवणे हा या व्यवसायाचा सोपा भाग आहे. माणसामाणसांतली सम पातळी शोधायला हत्यार नाही. तिथे ज्याचा त्याला खड्डा पाहावा लागतो आणि स्वतःच्या बापासमोर खाली मान घालून उभे राहावे लागते.

पावसाळा सरला की विहिरी मोजण्याचे दिवस येतात. सरकारचे भूजल खातेही आपल्या ठरलेल्या विहिरी ऑक्टोबरात मोजते. गेल्या दिवाळीला मी गावी होते. पाडव्याच्या सकाळी अभ्यंगस्नान करून भाचा आणि सून फीत घेऊन निघाले ते दुपारी जेवायला परतले. वहिनीने पाने मांडली होती. दादा ओसरीवर सुपारी कातरत बसला होता. त्याने वर पाहिले नाही.

‘‘किती आली?’’ त्याने विचारले.

‘‘आपली? काठापासून अकरा फुटांवर पाणी आहे.’’

‘‘आपली राहू दे,’’ दादा म्हणाला. ‘‘वरच्या आळीची सांग.’’